मंत्रीसाहेब, सेवा केंद्रातल्या क्रॅक विंडोजचं काय करायचं?

मा. माहिती तंत्रज्ञान मंत्री, महाराष्ट्र राज्य, यांना नमस्कार.

साहेब, मी देवगडकडे कॉम्प्युटर रिपेअरिंग करतो. इथे उत्पन्नाचा दाखला, सातबारा, हापूसच्या विम्याचा फॉर्म सगळं गावातल्या सेवा केंद्रावर नाहीतर झेरॉक्सवाल्याकडेच होतं. माणूस आधार देतो, पासबुक देतो, ओटीपी पण मोठ्याने सांगून टाकतो, आणि हे सगळं ज्या पीसीत जातं त्यात विंडोज क्रॅक (म्हणजे लायसन्सचं कुलूप तोडून फुकट वापरलेलं), ऑफिस क्रॅक, फोटोशॉप क्रॅक. विचारलं तर उत्तर ठरलेलं, "काय होवचा नाय".

क्रॅकची झिप फाइल पासवर्ड लावून येते, म्हणजे अँटिव्हायरसला आत बघताच येऊ नये, आणि सोबतच्या टेक्स्ट फाइलमध्ये पहिलं लिहिलेलं असतं की डिफेंडर, म्हणजे विंडोजचा स्वतःचा अँटिव्हायरस, बंद करा. चोरच सांगतो कुत्रा बांधून ठेवा, आणि आपण बांधतो! मग आत रेडलाइन नाहीतर विदारसारखा चोरटा प्रोग्रॅम बसला की ब्राउझरमधले सेव्ह पासवर्ड, लॉगिनच्या कुकीज (ज्यांनी पासवर्डशिवाय खात्यात शिरता येतं) गुपचूप बाहेर. पीसी मात्र झकास चालतो, म्हणून कोणाला पटत नाही. स्टॉप नावाचं रॅन्समवेअर, म्हणजे फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा व्हायरस, आलं तरच कळतं. एका केंद्रावर बघितलं, लोकांचे स्कॅन उघडेनात, प्रत्येक फोल्डरमध्ये एक रीडमी फाइल, ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिले तर ४९०. बॅकअपचा पेनड्राइव्ह पीसीला लावलेलाच होता, तोही गेला.

कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ब मध्ये ७ दिवस ते ३ वर्षं कैद आहे, माहितीय. पण प्लीज धाडी घालू नका, एका दाखल्यामागे या पोरांच्या हातात काय उरतं ते तुमच्या खात्याला ठाऊक आहे. त्यात १४ ऑक्टोबर २०२५ ला विंडोज १० चा नेहमीचा सपोर्ट संपला, जुने पीसी ११ घेत नाहीत, नवीन घ्यायला पैसे कुठून आणणार?

केंद्राचा परवाना रिन्यू करताना पीसी तपासा आणि विंडोज-ऑफिसचं लायसन्स सरकारी भावात द्या. नाहीतर विंडोजच्या जागी सरकारी सी-डॅक संस्थेचं बॉस लिनक्स आहे, एमएस ऑफिसच्या जागी लिब्रे ऑफिस फुकट आहे, युनिकोड मराठी त्यात चालतं, फक्त अंगठ्याचं मशीन आणि डिजिटल सहीचं टोकन त्यावर चालवून दाखवायची जबाबदारी तुमच्या लोकांनी घ्यावी, केंद्रवाल्यावर ढकलू नये. केंद्र सरकारच्या सायबर स्वच्छता केंद्राची व्हायरस काढायची फुकट टूल्स २०१७ पासून आहेत, इथे कोणाला पत्ता नाही.

तालुक्याला ट्रेनिंग लावलंत तर मी फुकट शिकवायला येतो. पावसात तेवढं ठेवू नका, लाइट नसते.

आपला,
देवगड तालुक्यातला एक रिपेअरवाला