या सीझनला मी येत नाही, बाबा

चारकोप, कांदिवली
दसऱ्याची आदली रात्र

ती. बाबा आणि आई,
शि. सा. नमस्कार.

चार दिवस झाले, सांगायचं म्हणून फोन लावते आणि धानाची, पावसाची, शेजारच्या म्हशीची चौकशी करून ठेवून देते. शेवटी आज लिहायला बसले. बाबा, तुम्हाला तसंही कागदावरचंच खरं वाटतं. हे पत्र तुम्हीच आईला वाचून दाखवा, पण सावकाश वाचा आणि मधलं काही गाळू नका. गाळलं तर आईला कळतं.

आपल्या झाडीपट्टीच्या नाटकांच्या या सीझनला मी वडशाला येत नाही. दिवाळीला नाही आणि त्यानंतरच्या मंडईच्या जत्रेलाही नाही. एका मालिकेचा वर्षभराचा करार झाला. मंगळवारी सही केली आणि नाटक मंडळाच्या मॅनेजरकाकांची चाळीस हजारांची उचल काल परत पाठवली. तुम्हाला आधी विचारलं नाही, सगळं करून मग सांगते आहे. याचं मला फार वाईट वाटतंय. पण विचारलं असतं तर तुम्ही लगेच "जा बाई" म्हणाला असता आणि दोन दिवस नीट जेवला नसता. ताईच्या वेळी मी ते पाहिलं आहे. तुमच्या तोंडून "जा" काढून घेण्यापेक्षा ठरवल्याचा दोष माझ्या अंगावर असलेला बरा, असं वाटलं.

उचल परत करायला कर्ज काढलं का, हे आई विचारेलच. पंचवीस माझे साठवलेले होते, पंधरा खोलीतल्या मैत्रिणीने दिले. मालिकेत पहिला चेक तीन महिन्यांनी येतो, इथली पद्धतच तशी आहे. पण तोवरचं भाडं आणि डब्याचे पैसे बाजूला काढून ठेवले आहेत. तुम्ही काहीही पाठवायचं नाही. आधी तुमच्या डोळ्याचं बघायचं. त्याबद्दल पुढे लिहिते.

बाबा, तीन वर्षं मी दोन्ही दगडांवर पाय ठेवून उभी होते. होळी झाली की गोंदियाहून विदर्भ एक्सप्रेस पकडायची, दिवाळीच्या आधी परत यायचं. दर वर्षी इथे कुठे ओळख व्हायला लागायची, कुणी "पुढच्या महिन्यात बोलावतो" म्हणायचं आणि तो पुढचा महिना नेमका कार्तिक असायचा. मागच्या साली दोन कामं अशी गेली. तुम्हाला सांगितलं नव्हतं, कारण त्या रात्री आपला आरमोरीकडे प्रयोग होता आणि तुम्ही खुशीत होता. ऑडिशनचं तर काय सांगू. वर्सोव्याला आरामनगर म्हणून बैठ्या घरांची वस्ती आहे, तिथे दारोदार ऑडिशनची ऑफिसं. नाव सांगा, उंची सांगा, डावीकडे वळा, उजवीकडे वळा. बऱ्याच ठिकाणी तर दारातूनच "नॉट फिट" म्हणतात. पहिल्या वर्षी मी ते वहीत लिहून ठेवायची. एकसष्टच्या पुढे लिहिणं सोडलं.

पहिलं शूटिंग मिळालं तेव्हाचं एक आजवर घरी बोलले नाही. एका सीनचं काम होतं, दारात उभं राहून दोन वाक्यं बोलायची. मी बोलले ती आपल्या मैदानात मागच्या बैलगाड्यांपर्यंत जावीत अशी. आवाज घेणाऱ्या माणसाने कानावरचे हेडफोन काढून माझ्याकडे पाहिलं. दिग्दर्शक म्हणाले, "अगं, ती तुझ्यापासून दोन फुटांवर उभी आहे." पाच टेक झाले, तरी आवाज खाली येईना. रात्री उशीत तोंड घालून रडले. सात वर्षांची असताना तुम्ही मला टेबलावर उभं करून सांगितलं होतं, "मागे घोंगडं पांघरून बसलेली म्हातारी आहे ना, तिला ऐकू गेलं पाहिजे." ती म्हातारी इथे आणायची कुठून, तेच मला कळत नव्हतं. मग एकदा आठवलं, तिसऱ्या अंकात मुलगी बापाचे पाय धरते तिथे मी कुजबुजत बोलायची, आणि तरी मैदान गप्प व्हायचं. ते काही माइकमुळे होत नव्हतं. तेवढी एक जागा मी इथे धरून ठेवली आणि तिच्यावर उभी राहून बाकीचं शिकले.

आता ही मालिका कशी मिळाली ते ऐका, कारण ते तुमचंच आहे.

मला तीन दिवसांचं काम होतं. दवाखान्यातली नर्स, विदर्भातली. इथे सीन कधी सकाळी येतो, कधी मेकअप चालू असताना. दोन-अडीच पानं हातात पडतात आणि पंधरा मिनिटांत कॅमेऱ्यासमोर उभं राहायचं. पाठ कुणाचंच पूर्ण झालेलं नसतं. असिस्टंट कॅमेऱ्याच्या बाहेर उभा राहून वाक्यांच्या मधल्या फटीत पुढचे शब्द पुरवतो. हो बाबा, प्रॉम्प्टिंग! मोठमोठ्या शाळांतून शिकून आलेल्यांचीही इथे पंचाईत होते, कारण कान तिकडे गेला की डोळा तिकडे जातो आणि कॅमेऱ्यात ती चोरी लगेच दिसते. माझा डोळा हलला नाही. कसा हलेल? विंगेतून तुमचा आवाज येतोय आणि समोर नवरा दारू पिऊन उभा आहे, अशात रडत रडत तुमचा शब्द झेलायचा, हेच मी सीझनला नव्वद-नव्वद रात्री केलं आहे. लटकता माइक कुठे आहे ते वर न बघता ओळखायचं, तसंच इथे जमिनीवरची पट्टी खाली न बघता पायाने शोधायची. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी दिग्दर्शकांनी विचारलं, "तू कुठे शिकलीस?" मी म्हटलं, वडशाला, बाबांकडे. तिसऱ्या दिवशी लेखकाने नर्सचं काम वाढवलं, आणि आता ती त्या घरात भाड्याने राहायला येणार आहे.

बोलीचंही सांगते. पहिली दोन वर्षं मी "न"चा "ण" घोटत होते. इथे लोकांना वाटतं, विदर्भ म्हणजे सगळीकडे एकच बोली. माझे संवादही तसेच आले होते, नागपुरी वळणाचे. मी हळूच असिस्टंटला म्हटलं, ही बाई गडचिरोलीची असेल तर ती शाळेला शारा म्हणेल आणि डोळ्याला डोरा. ते त्यांनी ठेवलं. आता रोज माझे संवाद आधी माझ्याकडे येतात, मी आपल्याकडच्यासारखे करून देते. आई, त्यात जी "मावशी" बोलते ना, ती थेट तू आहेस. रागावू नकोस.

फोनवर परवा तुम्ही म्हणालात, "तिकडे मोठं काम बाई, आपलं काय, खेड्यातलं." बाबा, हे पुन्हा म्हणू नका. मला ते फार लागलं. धान घरात आलं की गावं आपल्याला बोलावतात. दिवसा शंकरपटात बैलांच्या शर्यती, रात्री नाटक. लेकी-जावई माहेरी येतात, पाहुण्यांनी घरं भरतात, नाटकाच्या रात्री सोयरिकी जुळतात. तिकीट काढून, थंडीत जमिनीवर बसून माणसं पहाटेपर्यंत जागतात. भंडारा, गोंदिया, चंद्रपूर, गडचिरोली, चार जिल्ह्यांत हे चालतं. मुंबईत दोन-अडीच तासांच्या नाटकाला शनिवार-रविवार बघावा लागतो, हे मी डोळ्यांनी पाहते आहे. आपल्या झाडीपट्टीच्या रंगभूमीवरच्या परशुराम खुणेदादांना २०२३ साली पद्मश्री मिळाली त्या दिवशी तुम्ही अंगणात उभे राहून रडला होतात, तो माणूस "खेड्यातलं" म्हणतो? इथे कुणी विचारलं तर मी "गावाकडे थोडं नाटक करायची" असं म्हणत नाही. सीझनचे प्रयोग मोजून सांगते.

म्हणून मी ते सोडून आले असं मनात आणू नका. फक्त या वर्षी जमत नाही. मॅनेजरकाका म्हणाले, पुढच्या सीझनला पोस्टरवर तुझा फोटो मुंबईच्या कलाकारांच्या रांगेत मोठा लावू. मी त्यांना म्हटलं, लावा, पण खाली प्रॉम्प्टरचं नावही टाका.

आता आईसाठी. माझी काळजी करू नकोस. खोलीत आम्ही तिघी आहोत, एक साताऱ्याची, एक अकोल्याची. पाणी सकाळी दीड तास येतं, भरून ठेवतो. सेटवर नाश्ता आणि दोन वेळचं जेवण मिळतं, भात असतो, पण आपल्या तांदळाचा वास नाही त्याला. उशीर झाला तर प्रॉडक्शनची गाडी दारापर्यंत सोडते, गाडीचा नंबर मी ताईला पाठवते. जवसाची चटणी संपली आहे. लाखोरीचे वडे पाठवू नकोस, दोन दिवसांत खराब होतात आणि मग टाकताना जीव तुटतो. सांबारवडीचं तर नावच काढू नकोस. लहानपणी तापात तू माझ्या कपाळावर ओल्या पदराचं टोक ठेवायचीस, परवा जरा अंग गरम होतं तर ते आठवलं. ताप नव्हता, थकवा होता. आता बरी आहे.

आणि आई, त्या रात्रीनंतर तू माझं एकही नाटक पाहायला आली नाहीस. मी कधी विचारलं नाही, आजही विचारत नाही. पण मालिका रोज संध्याकाळी साडेसातला असते. दार लावून घे, हवं तर दिवा बंद कर, आणि बघ. लोक काय म्हणतात ते घरात येणार नाही. मी कशी दिसते ते मला सांगू नकोस, नीट जेवल्यासारखी दिसते का तेवढं सांग.

बाबा, आता तुमच्यावर येते.

जानेवारीत पहाटे परत येताना गाडीत तुम्हाला भोवळ आली होती. घाम फुटला होता, कुणीतरी तोंडात साखर घातली. तुम्ही सगळ्यांना शपथ घातलीत की मला सांगायचं नाही. ऑर्गनवाल्या काकांनी मला आठ महिन्यांनी सांगितलं. त्यांच्याशी भांडू नका, ते रडत होते. संध्याकाळची गोळी घ्यायची आणि प्रयोग लवकर सुरू होणार म्हणून जेवण टाळायचं, हे यापुढे चालणार नाही. गोळी घेतली की जेवायचं, मग नांदी थांबली तरी चालेल. खिशात खडीसाखर ठेवायची. गाडीत पुढे बसायचं, मागे सामानावर नाही. कान बांधायचे. माझी आणलेली काळी लोकरी टोपी पेटीत ठेवून जुनं मफलर वापरता हे मला माहीत आहे.

आठवड्याला तीनच प्रयोग घ्यायचे. मॅनेजरकाकांशी मी बोलले आहे, ते हो म्हणाले आहेत. मला न विचारता का बोललीस म्हणून रागवाल. रागवा. बाकीच्या रात्री त्या नव्या मुलाला विंगेत बसवा, त्याला शिकवा. तो घाई करतो, नटाच्या आधी स्वतःच संवाद म्हणतो, पण कान चांगला आहे त्याचा.

डोळ्याचं ऑपरेशन दिवाळीच्या आधी झालंच पाहिजे. पंचवीस वॅटच्या बल्बखाली तुम्ही अक्षर वाचत नाही, पाठ झालेलं म्हणता, हे मला गेल्या वर्षीच कळलं होतं. नव्या नाटकाच्या दुसऱ्या अंकात तुम्ही थांबलात तेव्हा. मी पान भरून काहीतरी स्वतःचं बोलले आणि तुम्ही प्रयोगानंतर विषय काढला नाही, मीही काढला नाही. ताई ब्रह्मपुरीत डॉक्टरांशी बोलली आहे. शुक्रवारी ती येईल, तिच्यासोबत जायचं. आई, तू त्यांची "धान कापणी आहे" ही सबब ऐकायची नाहीस. कापणीला माणसं लावा, त्याचे पैसे मी पहिल्या चेकमधून देईन. औषध डोळ्यात तूच टाक, त्यांना स्वतःला टाकू देऊ नकोस, गालावर सांडवतात. आणि तुझ्या गुडघ्यांना तो पट्टा बांधतेस का? खरं सांग.

एक काम आहे बाबा, आणि ते तुम्हीच करू शकता. आता बहुतेक सीन मला आदल्या रात्री मोबाईलवर मिळणार आहेत. डोळा बरा झाला की मी ते तुम्हाला पाठवीन, ताईचा मुलगा अक्षर मोठं करून देईल. प्रयोग नसेल त्या रात्री साडेनऊला फोन करा. समोरच्याचे संवाद तुम्ही वाचायचे, माझे मी म्हणेन. इथे मैत्रिणी वाचून देतात, पण मी श्वास कुठे घेते ते त्यांना कळत नाही, पुढचं वाक्य माझ्या श्वासावर पडतं. तुम्ही नेहमी थांबता तेवढंच थांबा.

पहिला सीन लिफाफ्यात घालते आहे, दोनच पानं. घरमालकाचे संवाद तुमचे. तो कठोर बोलतो, पण तुम्ही जरा मऊच वाचा.

तुमची,
बाई