निर्माता म्हणजे नुसती तिजोरी नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीत जर्मन चित्रपट-निर्माते आर्टूर ब्राउनर यांच्यावर अर्धं पान दिलंत, त्याबद्दल आभार. पण त्यातला बहुतेक मजकूर दिग्दर्शक फ्रिट्झ लांगने त्यांच्यासाठी केलेल्या, भारतात घडणाऱ्या १९५९च्या दोन चित्रपटांवर आणि उदयपूरच्या चित्रीकरणावर खर्च झाला आणि शेवटी ब्राउनरवर ‘गल्लाभरू’ असा शिक्का मारला गेला. तो वाचून राहवलं नाही.

ज्यू संहारात नात्यातली ४९ माणसं गमावलेला पोलंडमधल्या लोड्झ शहराचा हा तरुण १९४६ साली बर्लिनमध्येच चित्रसंस्था काढतो. १९४८मध्ये छळछावणीतून पळालेल्यांवर ‘मोरिटुरी’ काढतो. जर्मन प्रेक्षकांना ते बघायचं नव्हतं. चित्रपट कोसळला, ब्राउनर कर्जात बुडाले. मग करमणुकीचे चित्रपट काढून त्यांनी कर्ज फेडलं, स्टुडिओ चालता ठेवला आणि ज्यूंच्या छळाच्या विषयाकडे पुन्हा पुन्हा वळले. याला गल्लाभरूपणा म्हणायचं?

काही वर्षांपूर्वी आमच्या शहरातल्या एका फिल्म सोसायटीत त्यांचा ‘युरोपा युरोपा’ हा, नाझी काळात ओळख लपवून जगलेल्या ज्यू मुलावरचा चित्रपट दाखवला होता. प्रास्ताविकात दिग्दर्शिका अग्निएश्का हॉलंड यांच्यावर भरभरून बोललं गेलं. ते योग्यच होतं, पण निर्मात्याचं नावही कुणी घेतलं नाही. चर्चेत मी उठून विचारलं, तर ‘पैसे कुणी घातले हा हिशेबनिसाचा विषय, बसा तुम्ही’ असं उत्तर मिळालं. सभागृह हसलं. त्या हसण्याचा राग मला आजही येतो. या चित्रपटाला गोल्डन ग्लोब मिळालं, तरी ऑस्करच्या परभाषिक विभागासाठी जर्मन निवड समितीने तो पाठवलाच नाही. तिथल्या नामवंत चित्रकर्मींनी जाहीर पत्र काढून निषेध केला. पटकथेला मात्र ऑस्करचं नामांकन मिळालं. तेव्हा सत्तरी ओलांडलेले ब्राउनर या चित्रपटासाठी भांडत होते. हिशेबनीस असं भांडतो का?

जुलै २०१९मध्ये, वयाच्या शंभराव्या वर्षी ते गेले. त्याआधी त्यांनी ज्यूंच्या छळावरचे आपले २१ चित्रपट जेरुसलेमच्या याद वाशेम या ज्यू संहाराच्या स्मारकसंस्थेला दिले होते. तुमच्या लेखात याची एक ओळही नाही. पुढच्या रविवारी ती छापावी, ही विनंती.

आणखी एक. चित्रपट महोत्सवाचं वेळापत्रक कृपया वेळेत छापा. गेल्या खेपेला ते पुरवणीत आलं तेव्हा महोत्सव निम्मा उरकला होता.

आपला,
एक नियमित वाचक, पुणे