नाव काकांचं, गल्ला दुसऱ्याचा, बाकी काकूंच्या माथी

मा. अबकारी मंत्री,
कर्नाटक राज्य, यांस,

साहेब, नमस्कार.

पत्र मराठीत लिहितोय. घटनेचं 350 वं कलम तेवढी मुभा देतं.

चिकोडी भागातल्या आमच्या गावात काकांच्या नावावर बारचा परवाना होता, सीएल-9. गल्ल्यामागे काचेच्या चौकटीत तो टांगलेला असे. गल्ल्यावर मात्र काका कधी बसलेच नाहीत. बार चालवणारा दुसराच, काकांना महिन्याचे ठरलेले पैसे. परवाना असा पोटभाड्याने देता येत नाही, हे त्यांना माहीत नव्हतं असं मी म्हणणार नाही. गावात सगळेच करतात, म्हणून त्यांनीही केलं.

काका गेले आणि दोन वर्षांनी काकूंच्या नावे नोटीस आली. कन्नडमधली. त्यातला ‘सन्नदुदाररु’ हा शब्द वाचून दाखवला, तर काकू म्हणाल्या, "सनद? ती तर इनामदारांना असते रे!" अर्थ तोच, काकू. परवानाधारक. पुढे ‘व्यत्यास’, म्हणजे फरक. गाव ग्रामपंचायतीतून वरच्या वर्गात गेलं, त्या वर्गात परवान्याची फी जास्त, आणि तो फरक कित्येक वर्षांनी लेखापरीक्षणात सापडला. भरला नाही तर जमीन महसुलाची थकबाकी म्हणून वसुली. म्हणजे उताऱ्यावर बोजा.

कायद्याशी माझं भांडण नाही. दारूविक्री हा कुणाचा मूलभूत हक्क नव्हे, सरकार पैसे घेऊन देतं ती सवलत आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने हर शंकर खटल्यात 1975 मध्येच सांगितलं. सवलत ज्याच्या नावाने, देणंही त्याचंच. चालवणाऱ्याशी केलेला कागद खात्याला बांधील नाही, हेही मान्य. रक्कम माफ करा, असंही म्हणत नाही.

पण अबकारी वर्ष 1 जुलैला सुरू होतं. दरवर्षी त्याआधी नूतनीकरणाची फाइल तुमच्याच खात्याच्या टेबलावरून गेली, फी घेतली, शिक्का मारला. गावाचा वर्ग बदलल्याची अधिसूचनाही सरकारचीच. मग फरक त्याच जूनमध्ये का नाही मागितला? तेव्हा काका होते, बार चालू होता, चालवणाऱ्याच्या खिशातून पैसे काढता आले असते. आता तो फोन उचलत नाही.

वर्ग बदलला की त्याच वर्षी परवानाधारकाच्या घरी पत्र जावं, बारच्या पत्त्यावर नको, तिथे ते चालवणाराच घेतो. जोडीला मराठी प्रत असावी. आणि वसुलीआधी बार प्रत्यक्षात कोण चालवत होतं याची चौकशी व्हावी. पोटभाड्याचा प्रकार तुमच्या खात्याच्या बीटवरच्या माणसाला दिसत नव्हता, हे आम्हाला तरी पटत नाही.

काकूंनी ती नोटीस गॅसच्या पुस्तकात घडी घालून ठेवली आहे. डिसेंबरात अधिवेशनासाठी बेळगावला सुवर्णसौधमध्ये याल, तेव्हा दहा मिनिटं द्या. पुस्तकासकट घेऊन येतो.

आपला,
सीमाभागातला एक पुतण्या