विनायकला पत्र : कासाईबद्दल

साप्पोरो,
२५ फेब्रुवारी २०२४

प्रिय विनायक,
सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर तू म्हणालास, "ऑलिम्पिकचं एकही सुवर्ण नाही, मग तुझा हा कासाई चॅम्पियन कसला?" दोन वाक्यांत उत्तर देण्यासारखा हा प्रश्न नव्हता. आज रविवार आहे, बाहेर सकाळपासून बर्फ पडतोय, तेव्हा निवांत लिहितो.

नोरिआकी कासाई हा स्की जम्पर, म्हणजे पायांत स्की बांधून बर्फाच्या उतारावरून हवेत लांब झेप घेणारा खेळाडू. त्याचा जन्म ६ जून १९७२चा, इथे होक्काइदो बेटावरच्याच शिमोकावा नावाच्या छोट्या गावातला. त्याच वर्षी फेब्रुवारीत साप्पोरोला हिवाळी ऑलिम्पिक झालं होतं आणि मियानोमोरीच्या टेकडीवर स्की जम्पिंगची तिन्ही पदकं जपान्यांनी मारली होती. हिवाळी ऑलिम्पिकमधलं जपानचं ते पहिलंवहिलं सुवर्ण. त्यानंतर इकडच्या पोरांना या खेळाचं वेड लागलं नसतं तरच नवल. कासाईच्या घरची परिस्थिती बेताचीच होती, पण पोरगं उडायला लागलं आणि सोळाव्या वर्षी, डिसेंबर १९८८मध्ये, वर्ल्ड कपमध्ये, म्हणजे हिवाळाभर ठिकठिकाणी चालणाऱ्या स्पर्धांच्या मालिकेत, उतरलंसुद्धा.

तू हा खेळ प्रत्यक्ष पाहिलेला नाहीस, म्हणून जरा सांगतो. गेल्या आठवड्यात इथल्या ओकुरायामा टेकडीवर वर्ल्ड कपची स्पर्धा होती, तिथे गेलो होतो. वर लोखंडी दांडीवर खेळाडू बसतो. हिरवा दिवा लागतो, बाजूच्या मचाणावरून प्रशिक्षक झेंडा खाली करतो की हा सुटला. बर्फाच्या दोन खाचांतून स्की घसरताना खर्रर्र आवाज येतो, वेग ताशी नव्वद किलोमीटरच्या आसपास. टीव्हीवर बघताना वाटतं की शेवटचं टोक वर वळलेलं असेल आणि ते त्याला हवेत फेकत असेल. तसं अजिबात नाही. ते टोकसुद्धा खालीच कललेलं असतं. वर जायचं ते स्वतःच्या पायांनी, आणि तेही एका क्षणात. किंचित आधी उसळी मारली तरी गेलं, किंचित उशीर झाला तरी गेलं. मग अंग पुढे झोकून द्यायचं आणि हवेवर पहुडायचं. कासाई तर इतका आडवा होतो की नाक दोन स्कींच्या मधे येतं, आणि हात पंखांसारखे उघडे. दुसरं कुणी असं उडत नाही. उतरताना एक पाय पुढे, गुडघे वाकलेले, हात फैलावलेले, त्याला टेलीमार्क म्हणतात. पाच पंच शैलीचे गुण देतात, त्यातले सर्वांत जास्त आणि सर्वांत कमी सोडून देतात. अंतराचे गुण वेगळे, आणि अलीकडे वाऱ्याचाही हिशेब धरतात.

कासाई आला तेव्हा स्की समांतर ठेवून उडायची पद्धत होती. त्याच सुमाराला यान बोकलोव नावाचा स्वीडिश खेळाडू स्कीची टोकं फाकवून, इंग्रजी व्हीच्या आकारात उडायला लागला. पंच त्याचे शैलीचे गुण कापायचे, तरी पठ्ठ्या लांब जाऊन १९८८-८९चा वर्ल्ड कप जिंकला. बघता बघता सगळ्यांना तसंच उडावं लागलं. हाडात मुरलेली उडी मोडून नवी शिकायची! कित्येकांची कारकीर्द त्यात संपली. कासाई मात्र १९९२मध्ये चेकोस्लोव्हाकियातल्या हाराखोवला स्की फ्लाइंगचा (याच खेळाचा, आणखी मोठ्या टेकडीवरून आणखी लांब उडायचा प्रकार) जगज्जेता झाला, वयाच्या एकोणिसाव्या वर्षी. तेव्हा "चॅम्पियन कसला" याचं नुसतं कागदोपत्री उत्तर हवं असेल तर ते हे घे. पण मला सांगायचंय ते पुढचं.

१९९४, नॉर्वेतलं लिलेहामर ऑलिम्पिक. सांघिक स्पर्धेत चौघांच्या उड्यांची बेरीज धरतात. जपान मोठ्या आघाडीवर होता आणि शेवटची उडी मासाहिको हारादाची होती. साधी उडी पुरली असती, ती पडली ९७.५ मीटर. सुवर्ण जर्मनीकडे गेलं, जपानला रौप्य. त्या चौघांत कासाई होता.

मग १९९८ला ऑलिम्पिक जपानमध्येच आलं, नागानोला. आदल्या वर्षी कासाईच्या घराला आग लागली होती आणि तीत भाजून त्याची आई गेली. धाकटी बहीण रक्ताच्या दुर्धर आजाराशी झगडत होती. त्यात घोट्याची दुखापत. सांघिक स्पर्धेच्या चौघांत त्याचं नाव आलं नाही. त्या दिवशी, १७ फेब्रुवारीला, हाकुबाच्या टेकडीवर हारादाने हातात घातलेले मोजे कासाईचे होते, आणि आत घातलेला शर्ट संघाबाहेर राहिलेल्या निशिकाताचा. हिमवादळात पहिली उडी जेमतेम ७९.५ मीटर, आणि दुसरी १३७! जपानला सुवर्ण मिळालं, सगळा देश रडला. आणि कासाईने पुढे स्वतःच सांगितलंय की खाली उभा राहून बघताना मनात येत होतं, पडू दे हा.

विन्या, मला हा माणूस इथे भेटला असं समज. आपले मोजे दुसऱ्याच्या हातात सोन्याकडे चाललेत आणि आपण बर्फात उभे. असं मनात येणं माणसाचं आहे, पण ते देशासमोर कबूल करायला छाती लागते. त्याने ते झाकलं नाही आणि खेळही सोडला नाही.

पुढची सोळा वर्षं मी भराभर सांगतो. ज्या कंपन्यांच्या संघात तो होता, ते संघ बंद पडले. स्कीच्या लांबीचे नियम बदलले. वर्ल्ड कपमधली शेवटची स्पर्धा जिंकून दहा वर्षं होत आली, लोक निवृत्तीचं विचारू लागले. आणि जानेवारी २०१४मध्ये, एक्केचाळिसाव्या वर्षी, ऑस्ट्रियातल्या कुल्मला तो पुन्हा जिंकला!

पुढच्याच महिन्यात रशियात सोचीचं ऑलिम्पिक. मोठ्या टेकडीवर कासाईच्या उड्या १३९ आणि १३३.५ मीटर, पोलंडच्या कामिल स्टोखच्या १३९ आणि १३२.५. म्हणजे अंतरात कासाई मीटरभर पुढे, आणि गुणांत १.३ने मागे. स्टोखची बेरीज २७८.७, याची २७७.४. रौप्य. हा हसत होता. दोन दिवसांनी सांघिक कांस्य मिळालं तेव्हा मात्र ढसाढसा रडला, कारण बरोबरच्या पोरांपैकी एक गंभीर आजारातून उठला होता, एकाचा गुडघा दुखावलेला होता, आणि त्यांना पदक मिळावं अशी याची फार इच्छा होती. तारीख बघ, १७ फेब्रुवारी. नागानोला बरोबर सोळा वर्षं झाली होती त्या दिवशी. मला विचारशील तर ते कांस्य मी कुठल्याही सुवर्णाच्या वर ठेवीन, आणि यावर तुझ्याशी रात्रभर भांडायला तयार आहे.

एकूण आठ हिवाळी ऑलिम्पिक खेळला तो, १९९२ ते २०१८. शेवटच्यात जपानचा ध्वज त्याच्या हातात होता. वर्ल्ड कपमधल्या वैयक्तिक स्पर्धा साडेपाचशेहून जास्त. त्याच्या क्लबमध्ये तयार झालेल्या र्योयू कोबायाशीने २०२२ला बीजिंगमध्ये सुवर्ण मिळवलं. गुरूला न मिळालेलं शिष्याने घरी आणलं.

आणि गेल्या आठवड्यात ओकुरायामाला तो पुन्हा वर दांडीवर बसला होता, एक्कावन्न वर्षांचा. बरोबरची काही पोरं त्याच्या निम्म्याहूनही कमी वयाची. माझ्या शेजारच्या आजी त्याचं नाव लिहिलेला टॉवेल दोन्ही हातांनी डोक्यावर धरून उभ्या होत्या, हात खाली घ्यायला तयार नाहीत. तो सुटला तेव्हा मीही घसा बसेपर्यंत ओरडलो.

पुढच्या हिवाळ्यात तू येच. तिकिटाचं माझ्याकडे लागलं. बूट मात्र पुण्यात घेऊ नकोस, तळव्याला बर्फाची पकड असलेले इथेच घेऊ. ओकुरायामाला खुर्चीच्या पाळण्याने थेट वर जाता येतं, तिथून खालचा उतार तुला दाखवतो. मग चॅम्पियन कोणाला म्हणायचं त्यावर बोलू.

वहिनींना नमस्कार, काकूंच्या गुडघ्याचं काय झालं ते कळव.

तुझा,
मिलिंद