काळामागे लागलेल्या नानांच्या वतीने, पदार्थविज्ञानाच्या बाईंस

आदरणीय बाई,

सादर नमस्कार.

कादंबरीच्या ऋणनिर्देशात आपले नाव घालायचे नाही, असे आपण मला बजावले आहे आणि ते मी पाळणार आहे. जाहीर पत्र लिहू नये, असे मात्र आपण म्हटलेले नाही. तेव्हा नाव न घेता, पण चारचौघांसमोर, आपले आभार मानण्याची मोकळीक मी घेत आहे.

आपल्याकडे प्रथम आले तेव्हा माझ्यापाशी केवळ एक माणूस होता. गिरगावातील चाळीत वाढलेले, १९३० साली जन्मलेले, कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवणारे आणि काळात फेरफार करता येईल का, या एकाच प्रश्नाने झपाटलेले माझे कथानायक नाना. हे वेड त्यांना कशाने लागले, ते मी ठरवले होते. १४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत कापूस आणि स्फोटके भरलेल्या ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजाचा स्फोट झाला, शेकडो माणसे प्राणांस मुकली आणि त्यांत गोदीत कारकून असलेले नानांचे वडील होते. पण असा माणूस रोज सकाळी चहा घेऊन टेबलाशी बसतो तो नेमके काय करायला, हे मला सांगता येत नव्हते.

त्यावर आपला पहिला प्रश्न विज्ञानाचा नव्हताच. “त्यांच्या घरातले घड्याळ कोणत्या वेळेला लावलेले होते?” असे आपण विचारलेत आणि मग सविस्तर सांगितलेत, की १९०६ मध्ये स्टँडर्ड टाइम लागू झाल्यावरही मुंबईने आपला बॉम्बे टाइम १९५५ पर्यंत सोडला नाही, तो स्टँडर्ड टाइमच्या ३९ मिनिटे मागे असे, आणि त्यातच १९४२ ते १९४५ या युद्धकाळात सरकारने स्टँडर्ड टाइमच तासभर पुढे ढकलला होता. “म्हणजे काळात फेरफार करता येतो, हे त्या पोराला आइन्स्टाइनच्या आधी सरकारने शिकवले,” हे आपले वाक्य मी नानांच्या तोंडी जसेच्या तसे घातले आहे. कादंबरीतील ते सर्वांत चांगले वाक्य आहे, आणि ते माझे नाही.

दुसरे ऋण हस्तलिखिताच्या समासातले आहे. नाना चाळीच्या तिसऱ्या मजल्यावर राहतात आणि त्यांचे थोरले बंधू तळमजल्यावर, एवढेच मी लिहिले होते. आपण शेजारी पेन्सिलीने उंचीचा फरक दहा मीटर धरलात, त्याला गुरुत्वीय त्वरणाने गुणून प्रकाशवेगाच्या वर्गाने भागलेत आणि साठ वर्षांचे सेकंद मांडून खाली उत्तराला दुहेरी रेघ मारलीत: सुमारे दोन मायक्रोसेकंद. गुरुत्वाकर्षण जेथे किंचित कमी, तेथे घड्याळ किंचित जलद चालते. म्हणून वरच्या मजल्यावरचे नाना जन्मभरात थोरल्या भावापेक्षा तेवढे अधिक म्हातारे होणार. पृथ्वीपासून सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवर फिरणाऱ्या जीपीएस उपग्रहांतील घड्याळे, त्यांच्या वेगामुळे घड्याळ मंदावण्याचा उलटा परिणाम वजा करूनही, रोज ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि तो फरक हिशेबात घ्यावाच लागतो, हेही आपण तेथेच टिपून ठेवले होते. त्या पानानंतर नानांनी कालयंत्र बांधण्याचा नाद सोडला. १९७१ मध्ये हाफेल आणि कीटिंग या शास्त्रज्ञांनी अतिशय अचूक अशी अणुघड्याळे प्रवासी विमानांतून जगभर फिरवली आणि पूर्वेकडे गेलेली घड्याळे सुमारे ५९ नॅनोसेकंद मागे पडली, ही बातमी नाना वर्गात दिवाळीचा फराळ वाटावा तशी वाटतात, तो प्रसंगही त्याच पानातून सुचला.

नानांची कारकीर्द आपण फार सोपी होऊ दिली नाहीत, याबद्दलही आभार. फिरत्या विश्वात भूतकाळात परतणाऱ्या वाटा गणिताला मान्य आहेत, हे गणितज्ञ गोडेल यांनी १९४९ मध्ये दाखवले तेव्हा नाना एकोणीस वर्षांचे होते. त्यांना परदेशी विद्यापीठात पाठवण्याचा माझा विचार होता. आपण त्याऐवजी पदार्थवैज्ञानिक अमलकुमार रायचौधुरी यांचे उदाहरण पुढे ठेवलेत. पुढे पेनरोझ आणि हॉकिंग या शास्त्रज्ञांना उपयोगी पडलेले स्वतःचे गुरुत्वाकर्षणाविषयीचे समीकरण रायचौधुरींनी कोलकात्यात राहून १९५५ मध्ये प्रसिद्ध केले. नाना रायचौधुरी नव्हेत, पण इथेच राहून काम करणाऱ्या माणसाला लाचार रंगवायची गरज नाही, हे मला पटले.

आपले खरे उपकार शेवटच्या प्रकरणावर आहेत. खगोलशास्त्रज्ञ कार्ल सेगन यांनी स्वतःच्या कादंबरीसाठी पदार्थवैज्ञानिक किप थॉर्न यांचा सल्ला घेतला आणि त्या विचारणेतून वर्महोलचे, म्हणजे अवकाशातील दोन दूरची ठिकाणे जोडणाऱ्या कल्पित बोगद्याचे, गंभीर संशोधन सुरू झाले. १९८८ मध्ये थॉर्न आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी वर्महोलचे कालयंत्र कसे होऊ शकेल, याचा निबंध प्रसिद्ध केला. (कादंबरीकारांचे प्रश्न अगदीच वाया जात नाहीत, असे मी म्हटल्यावर आपण हसलात, पण दुजोरा दिला नाहीत.) निवृत्तीच्या उंबरठ्यावरचे नाना तो निबंध ग्रंथालयात बसून वाचतात. अशा यंत्राने ते यंत्र तयार होण्यापूर्वीच्या काळात जाता येत नाही, ही अट आपण मला समजावून दिलीत. उद्या कोणी ते बांधले, तरी ते नानांना १९४४ पर्यंत नेणार नाही. भूतकाळाचे दार निसर्गच बंद ठेवत असावा, हे हॉकिंग यांचे अनुमान १९९२ चे. नानांना त्याची वाट पाहावी लागलीच नाही.

मी त्या ठिकाणी नानांना रडवले होते. आपण तो परिच्छेद खोडून लिहिलेत, “हे गणित ते वीस वर्षे ओळखून असणार. ते घरी येतील आणि उत्तरपत्रिका तपासायला बसतील.” आता ते तसेच करतात.

मानधनाचे पाकीट आपण परत केलेत, त्याचा वाद मी पुन्हा काढत नाही. कादंबरीची पहिली प्रत घेऊन मी स्वतः येईन. तिच्या समासातही पेन्सिल चालणार, याची खात्री असल्याने प्रकाशकांना समास रुंद ठेवायला सांगितला आहे.

आपली नम्र,
नानांची लेखिका