वाऱ्याचा आकडाही वाचून दाखवा

मा. संपादक,
स. न. वि. वि.

क्रीडा अभियांत्रिकीच्या एका तज्ज्ञांना वेगाचं शास्त्र उलगडून सांगताना नुकतंच दूरचित्रवाणीवर ऐकलं. बोलले थोडंच, पण नेमकं. वेग दुप्पट झाला की हवेचा विरोध चौपट होतो आणि त्याला तोंड देत तो वेग टिकवायला शक्ती लागते आठपट. सायकलपटू हँडलवर इतके ओणवे का होतात, पुढच्याच्या मागे चिकटून का राहतात, हे एवढ्यावरून कळतं. सूत्रसंचालकांना मात्र घाई. ‘शेवटी जिद्दच जिंकते, नाही का?’ म्हणत त्यांनी ब्रेक घेतला.

जिद्द असतेच. अंतिम फेरीतल्या आठही जणांकडे असते. निकाल तिथे सेकंदाच्या शंभराव्या भागावर ठरतो आणि त्यात वाऱ्याचाही वाटा असतो. म्हणून तर १०० मीटरमध्ये पाठीमागचा वारा सेकंदाला २ मीटरपेक्षा जास्त असेल, तर विक्रम धरत नाहीत. २०११ मध्ये एका जपानी टीव्ही कार्यक्रमात पाठीमागे भलेमोठे पंखे लावून अमेरिकी धावपटू जस्टिन गॅटलिनला १०० मीटर पळवलं होतं. त्याने ९.४५ सेकंदांत शर्यत संपवली. म्हणजे उसेन बोल्टच्या विश्वविक्रमी ९.५८ पेक्षाही कमी! तो विक्रम कोणी मानला नाही, हे योग्यच. पण वाऱ्याची करामत याहून चांगली कोणी दाखवली असेल असं वाटत नाही.

याची गंभीर बाजूही आहे. फ्लोरेन्स ग्रिफिथ जॉयनरचा महिलांच्या १०० मीटरमधला १०.४९ सेकंदांचा विक्रम १९८८ पासून अबाधित आहे. त्या शर्यतीत वायुमापकाने वारा शून्य दाखवला, तर त्याच मैदानावर तिहेरी उडीच्या मापकावर सेकंदाला ४.३ मीटर अशी नोंद होती. मापक बिघडला होता का, हा वाद अजून मिटलेला नाही. अशा वेळी तज्ज्ञ नाही बोलावायचा, तर कधी?

शास्त्र सांगितलं की खेळाडूचं श्रेय कमी होतं, असा एक समज दिसतो. मला उलट वाटतं. बर्लिनला २००९ मध्ये बोल्ट धावला तेव्हा पाठीशी वारा सेकंदाला जेमतेम ०.९ मीटर होता. हे ठाऊक असलं की तो माणूस किती विलक्षण होता ते जास्तच जाणवतं. पोहण्यात त्याच वर्षी याच्या उलट घडलं. रोमच्या जागतिक स्पर्धेत पाण्याचा विरोध कमी करणाऱ्या पॉलियुरेथेनच्या (एक प्रकारच्या प्लास्टिकच्या) पोशाखांच्या साथीने तब्बल ४३ विश्वविक्रम झाले आणि २०१० पासून ते पोशाख बंद करावे लागले.

शर्यत संपली की वेळेशेजारी वाऱ्याचा +१.४ असा काहीतरी आकडा पडद्यावर झळकतो. समालोचक त्यावर चकार शब्द काढत नाहीत. निदान तो वाचून दाखवा, त्याचा अर्थ एका वाक्यात सांगा. आणि त्या तज्ज्ञांना शर्यत चालू असताना समालोचन कक्षात बसवा. त्यासाठी जिद्दीवर बोलणाऱ्यांची एक खुर्ची कमी झाली तरी आम्हा प्रेक्षकांची तक्रार नाही.

आपला,
एक क्रीडाप्रेमी वाचक