कांदाटी खोरे डोंगराने तोडलेले नाही, धरणाने तोडले आहे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

पावसाळा लागला की कोयना जलाशयाच्या पश्चिम काठावरच्या गावांच्या ठरावीक बातम्या छापून येतात. दरड कोसळली, लाँच बंद, आजारी माणसाला डोलीतून खाली आणले. प्रत्येक वेळी कारण म्हणून सह्याद्रीचे कडे आणि पाऊस यांच्याकडे बोट दाखवले जाते. हे कारण अर्धवट आहे. उपाय अर्धवट कारणावर बेतले जातात, म्हणून हे पत्र.

महाबळेश्वरच्या पठारावर उगम पावलेली कोयना कृष्णेसारखी पूर्वेची वाट धरत नाही. सह्याद्रीची मुख्य धार उजव्या हाताला आणि बामणोलीची रांग डाव्या हाताला ठेवून ती दक्षिणेला सुमारे ६५ किलोमीटर जाते, हेळवाकपाशी काटकोनात पूर्वेकडे वळते आणि कराडला कृष्णेला मिळते. तापोळ्याला तिला डावीकडून सोळशी येऊन मिळते, पुढे उजवीकडून कांदाटी. या कांदाटीच्या खोऱ्यात मकरंदगडाच्या दक्षिणेला शिंदी, वळवण, उचाट, लामज, निवळी, आकल्पे अशी विरळ वस्तीची गावे आहेत. तालुका महाबळेश्वर, जिल्हा सातारा. मधला डोंगर ओलांडला की पलीकडे रत्नागिरी जिल्ह्यातला खेड तालुका.

हा मुलूख म्हणजे जुनी जावळी. चंद्रराव मोऱ्यांचे बळ इथल्या शेतीत नव्हते. कोकणातून वर येणाऱ्या घाटवाटा त्यांच्या हातात होत्या, त्यात होते. शिवाजी महाराजांनी १६५६ मध्ये जावळी घेतली आणि लगोलग प्रतापगड बांधायला काढला, तो याच वाटांवर नजर ठेवण्यासाठी. दक्षिणेकडचा वासोटा एप्रिल १८१८ मध्ये इंग्रजांनी तोफा डागून घेतला. त्यानंतर गडांचे महत्त्व संपले, वाटांचे संपले नाही. वासोट्याशेजारच्या नागेश्वराला महाशिवरात्रीला आजही घाटावरून लोक येतात आणि खालून कोकणातल्या चोरवण्याकडूनही चढतात. डोंगर पूर्वीही एवढेच उंच होते, पाऊसही असाच कोसळत होता. तरी माणसे ये-जा करत होती, कारण खोऱ्याच्या तळाला नदीकाठची सपाट वाट होती आणि पाऊस सरला की नदीला उतार मिळत असे.

१९५६ ते १९६४ या काळात देशमुखवाडीजवळ कोयनेवर धरण उभे राहिले आणि सुमारे ५० किलोमीटर लांबीचा शिवसागर जलाशय या तळात भरला. साठवणक्षमता आधी ९८.७७ टीएमसी (अब्ज घनफूट) होती, पुढे दरवाजांवर झडपा बसवून ती १०५.२५ टीएमसी झाली. किती गावे उठली, कोण सोलापूरकडे गेले आणि कोण ठाणे-रायगडकडे, हे वेगळ्या पत्राचे विषय आहेत. इथे मुद्दा मागे राहिलेल्यांचा. ते उतारावर वर सरकले. भातखाचरे पाण्याखाली गेली, नदीकाठची वाटही गेली.

उरली ती वरकस, म्हणजे उतारावरची हलकी जमीन. तिथली शेती म्हणजे नाचणी आणि वरी. चैत्र-वैशाखात राब, म्हणजे रोपासाठीचा तुकडा, भाजायचा. शेण, त्यावर फांद्या, पालापाचोळा, गवत आणि वरून मातीचा पातळ थर. आग उताराच्या वरच्या टोकाला, वाऱ्याच्या उलट लावायची, म्हणजे ती सावकाश खाली सरकते आणि जमीन नीट भाजते. खालून पेटवली तर ज्वाळा वरवर धावते, राब कच्चा राहतो आणि रोपात तण माजते. पहिल्या पावसावर बी फेकायचे, तीन-चार आठवड्यांनी रोप उपटून उतारावर लावायचे. पहिल्या वर्षी नाचणी, दुसऱ्या वर्षी वरी, तिसऱ्या वर्षी कारळा, मग जमीन पडीक. ही पडीक वर्षे हाच या शेतीचा प्राण होता. तळाची जमीन गेल्यावर त्याच उतारावर लवकर लवकर परतावे लागले, झाडोरा वाढायला वेळ उरला नाही, माती धुपून खडक उघडा पडला. पुढे १९८५ मध्ये कोयना अभयारण्य झाले, २०१० मध्ये सह्याद्री व्याघ्र प्रकल्प. वन्यजीवांचे रक्षण व्हावे हे मान्यच, पण गवे आणि रानडुकरे उरलेसुरले पीक रात्रीत संपवतात तेव्हा नाचणीची राखण करायला घरात तरुण माणूस नसतो. तो मुंबईत असतो. शिमग्याला आणि गणपतीला गाव भरलेले दिसते, एरवी दारांना कुलपे.

आता लाँचविषयी, कारण सगळ्यात जास्त गैरसमज तिथे आहे. जलाशय भरला की पातळी समुद्रसपाटीपासून २१६३ फुटांवर असते. मे अखेरीस ती ऐंशी-शंभर फूट खाली उतरते. कृष्णा पाणीतंटा लवादाने पश्चिमेकडे वीजनिर्मितीसाठी वर्षाला ६७.५ टीएमसी पाणी ठरवून दिले आहे. ते पोफळीला कोकणात उतरते. शिवाय टेंभू, ताकारी, म्हैसाळ या उपसा योजनांसाठी पूर्वेकडे नदीत सोडावे लागते. म्हणजे आमची लाँच कुठे लागणार, हे विजेची आणि सिंचनाची मागणी ठरवते.

काठाला दहा मीटरला एक मीटर उतार असेल, तर पातळी २५ मीटर उतरल्यावर पाणी २५० मीटर मागे जाते. जलाशयाच्या कांदाटीत शिरलेल्या फाट्यासारख्या ठिकाणी, जिथे तळाचा उतार शंभराला एक इतका मंद आहे, तिथे ते अडीच किलोमीटर सरकते. मधल्या पट्ट्यात तांबडा गाळ. वरून कोरडा दिसतो, पाय टाकला की पोटरीपर्यंत आत जातो. धक्क्याच्या पायऱ्या भरलेल्या पातळीला बांधलेल्या असतात, त्या उन्हाळ्यात चिखलाच्या वर लटकत राहतात. तेव्हा लाँच उघड्या काठाला टेकवावी लागते, आणि जुने बुंधे व बांध पाण्याखाली वीतभर असले की पंखा त्यात अडकतो. बाळंतिणीला किंवा पाय मोडलेल्याला खाटेवर घालून या गाळातून नेणे किती अवघड, याचा अंदाज ते न पाहिलेल्याला यायचा नाही.

यावर उपाय साधा आहे आणि पुलाच्या तुलनेत फार स्वस्त. पायऱ्यांऐवजी फरसबंद उतार करावा. तीन मीटर रुंद, आठास एक उताराचा, घसरू नये म्हणून आडव्या पट्ट्या काढलेला, आणि थेट उन्हाळ्यातल्या नीचांकी पातळीपर्यंत नेलेला. वर्षातला बहुतेक काळ त्याचा खालचा भाग पाण्यात राहील, राहू द्या. तळ मंद असलेल्या फाट्यांत एवढा लांब उतार परवडणार नाही. तिथे तीन पातळ्यांसाठी तीन वेगळ्या जागा नक्की करून वरून पायवाट करावी. खालच्या टप्प्याचे काम एप्रिलच्या मध्यापासून जूनच्या पहिल्या आठवड्यापर्यंतच होऊ शकते. मार्चअखेर बिल काढायच्या घाईत तेच काम उरकले, तर पाण्याबाहेर असलेला वरचा तुकडा तेवढा बांधला जातो, आणि तो आधीच बांधलेला असतो.

तापोळा-अहीर पुलाचे काम हाती घेतलेले आहे, त्याचे स्वागतच आहे. नवे महाबळेश्वर या नियोजित गिरिस्थानाच्या आराखड्यातही रस्त्यांच्या रेघा खूप आहेत. पण कांदाटीच्या वरच्या गावांची रोजची वाट पूर्वेला नाहीच. ती रघुवीर घाटातून खोपीकडे आणि पुढे खेडला जाते. बाजार खेडचा, दवाखाना खेडचा. कागद मात्र महाबळेश्वरचे. घाटात दरड आली की ती हटवायची कोणी, यावर दोन जिल्ह्यांत पत्रव्यवहार सुरू होतो आणि तोवर गाव अडकून पडते. जून ते सप्टेंबर घाटाच्या माथ्याला आणि पायथ्याला एकेक जेसीबी उभे ठेवावे, त्याचा खर्च दोन्ही जिल्ह्यांनी आधीच वाटून घ्यावा. खेडच्या रुग्णवाहिकेला शिंदी-वळवणपर्यंत येण्याची कायमची लेखी मुभा असावी. दाखले आणि रेशनच्या तक्रारींसाठी तलाठ्याने आठवड्यातून एक दिवस खेडच्या बाजारच्या दिवशी बसावे, माणसे तिथे आपोआप भेटतात.

आपल्याकडेही एक मागणी आहे. कोयनेचा साठा आपण रोज टीएमसीमध्ये छापता. सांगली-कराडच्या वाचकाला तेवढे पुरते. त्याच चौकटीत पातळीचे फूटही छापावेत. त्या एका आकड्यावरून मुंबईहून गावी निघालेल्या माणसाला तापोळ्यावरून जायचे की खेडवरून, हे घरीच ठरवता येईल.

आपले,
कांदाटी खोऱ्यातील काही ग्रामस्थ
(मुक्काम गाव व मुंबई)